एकतिसाव्या वर्षी मिळालेली जागा

उत्तर अमेरिकेतल्या नॅशनल हॉकी लीगमध्ये दरवर्षी तरुण खेळाडूंची निवड होते, तिला ड्राफ्ट म्हणतात. १९९४ सालच्या ड्राफ्टमध्ये क्वेबेक नॉर्डिक्स या संघाने टिम थॉमस नावाच्या वीस वर्षांच्या अमेरिकन गोलरक्षकाचे नाव घेतले, तेव्हा त्याच्या आधी २१६ जणांची नावे घेऊन झालेली होती. लीगच्या सामन्यात तो पहिल्यांदा उभा राहिला तो २००२ साली, अठ्ठाविसाव्या वर्षी. संघात त्याचे बस्तान बसू लागले तेव्हा तो एकतीस वर्षांचा होता. आणि १५ जून २०११ च्या रात्री व्हॅन्कुव्हरमध्ये त्याने बॉस्टन ब्रुइन्स संघाला स्टॅन्ली चषक, म्हणजे लीगचे अजिंक्यपद, मिळवून दिला, तेव्हा त्याला सदतीस वर्षे पूर्ण होऊन बरोबर दोन महिने झाले होते. ज्या वयात बर्फावरचे बहुतेक खेळाडू निवृत्तीचा विचार करत असतात, त्या वयात हा माणूस जगातला सर्वोत्तम गोलरक्षक ठरला. असे कसे घडले हे समजून घ्यायचे असेल, तर त्याच्या गुणांची यादी पुरत नाही. गोलरक्षकाचे काम नेमके काय असते, ते मोजतात कसे आणि संघात त्याला जागा मिळते कशी, हे तिन्ही पाहावे लागते.

हॉकी म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर मैदान आणि पांढरा चेंडू येतो. आइस हॉकी खेळली जाते ती २०० फूट लांब आणि ८५ फूट रुंद अशा बर्फाच्या रिंगणात, एका वेळी प्रत्येक बाजूचे पाच खेळाडू आणि एक गोलरक्षक यांच्यात. चेंडूच्या जागी पक असतो, म्हणजे तीन इंच व्यासाची आणि एक इंच जाडीची कडक काळ्या रबराची चकती. तिचे वजन १७० ग्रॅमच्या आसपास असते, आणि ती बर्फावर उसळू नये म्हणून सामन्यापूर्वी तिला गोठवून ठेवतात. गोलची चौकट फक्त सहा फूट रुंद आणि चार फूट उंच असते. इतक्या लहान चौकटीसमोर अंगभर गादीसारखे कवच चढवलेला माणूस उभा राहिला की गोल होणारच कसा, असे नवख्याला वाटते. त्याचे उत्तर वेगात आहे. दमदार फटका ताशी दीडशे किलोमीटरच्या वेगाने सहज येतो. गोलरेषेपासून ६४ फुटांवर निळी रेषा असते. तिथून मारलेला असा पक अर्ध्या सेकंदाच्या आत गोलपाशी पोहोचतो. तोच वीस फुटांवरून आला, तर सेकंदाचा साधारण सातवा हिस्सा मिळतो. डोळ्यांनी पाहिले, मेंदूला कळले आणि हात हलला, एवढ्यालाच माणसाला साधारण सेकंदाचा पाचवा हिस्सा लागतो. म्हणजे जवळचा फटका पाहून अडवणे शरीराला शक्यच नसते. पक निघण्याआधीच गोलरक्षकाने योग्य ठिकाणी असावे लागते. फटका मारणाऱ्याच्या खांद्याचा कल, काठीच्या पात्याचा कोन, बाजूला कोणता सहकारी मोकळा आहे, या सगळ्याचे वाचन त्याने तोवर करून ठेवलेले असते. हे वाचन हजारो फटके अंगावर घेतल्यावरच जमते, त्याला दुसरी वाट नाही. गोलरक्षक उशिरा पिकतात याचे मोठे कारण मला इथेच दिसते.

दुसरी गोष्ट कोनाची. रात्री कंदिलापुढे हात धरून पाहावा: हात कंदिलाच्या जवळ नेला की भिंतीवरची सावली मोठी होते, दूर नेला की लहान. पक हा कंदील, गोल ही भिंत आणि गोलरक्षक हा हात, असे मानले की सगळे लक्षात येते. गोलरक्षक पुढे सरकला की फटका मारणाऱ्याला चौकटीचा मोकळा भाग कमी दिसतो. मात्र पुढे आल्यावर पाठीमागची बाजू उघडी पडते, आणि पक आडवा गेला किंवा गोलमागच्या फळीवर, म्हणजे रिंगणाच्या कठड्यावर, आपटून परत आला, तर तितक्याच वेगाने मागे फिरावे लागते. पुढे किती यायचे, हा या कामातला कधीच न मिटणारा वाद आहे.

थॉमस घडत होता त्या काळात या वादाचा एक निकाल लागल्यासारखा झाला होता. माँट्रियल संघाचा गोलरक्षक पॅट्रिक रुआ याने १९८० च्या दशकात ‘बटरफ्लाय’ पद्धत गाजवली होती: गुडघे बर्फावर टेकवायचे, पोटऱ्या दोन्ही बाजूंना फुलपाखराच्या पंखांसारख्या पसरायच्या आणि गोलचा खालचा सगळा पट्टा बंद करायचा, कारण बरेचसे गोल खालूनच होतात. या पद्धतीत हालचाली ठरीव असतात, शरीर भिंतीसारखे वापरले जाते आणि उंच माणसाला तिचा फायदा जास्त मिळतो. प्रशिक्षकांना ती शिकवता येत होती, निवड करणाऱ्यांना नजरेने पारखता येत होती. थॉमसची उंची पाच फूट अकरा इंच, आणि त्याची खेळण्याची रीत कोणत्याही साच्यात बसणारी नव्हती. तो बराच पुढे येई, गरज पडली की आडवा झेपावे, पाठीवर पडूनही पाय वर करून पक अडवे, काठी फेकल्यासारखी फिरवे. पाहणाऱ्याला वाटे की हा केवळ जिवाच्या आकांताने वाचवतो आहे. वस्तुस्थिती अशी होती की पक कुठे जाणार हे त्याला इतरांच्या आधी कळत असे, आणि एक चाल फसली तरी दुसरी करायला तो कधी थांबत नसे. पण कागदावर गुण देताना ‘पद्धत नाही’ असाच शेरा अशा खेळाडूच्या वाट्याला येतो.

त्याचा जन्म १५ एप्रिल १९७४ चा, मिशिगन राज्यातल्या फ्लिंट या मोटारींच्या कारखान्यांच्या गावचा. गोलरक्षकाचे साहित्य आणि प्रशिक्षण महाग असते. मुलाला गोलरक्षकांच्या शिबिराला पाठवता यावे म्हणून त्याच्या आईवडिलांनी आपल्या लग्नाच्या अंगठ्या मोडल्या होत्या. पुढे तो व्हरमाँट विद्यापीठात गेला. कॅनडातली होतकरू मुले सोळाव्या-सतराव्या वर्षापासून ज्युनियर लीगमध्ये वर्षाला साठ-सत्तर सामने खेळतात; अमेरिकन मुलांचा मोठा वाटा विद्यापीठांमधून येतो, जिथे सामने कमी आणि सराव जास्त असतो, आणि बावीस-तेवीस वर्षांपर्यंत शिक्षण चालू राहते. अमेरिकन गोलरक्षकाची गाडी मुळातच थोडी उशिरा सुटते, असे म्हणायला हरकत नाही. व्हरमाँटमध्ये त्याचा एक सहकारी होता मार्टिन सेंट लुई, अंगाने लहानखुरा आणि ड्राफ्टमध्ये कोणीही न निवडलेला. १९९६ साली या दोघांच्या संघाने विद्यापीठांच्या राष्ट्रीय स्पर्धेत शेवटच्या चार संघांत मजल मारली.

इथून पुढचा भाग समजायला एक साधा हिशेब करावा लागतो. २००० सालानंतर लीगमध्ये तीस संघ होते. प्रत्येक संघात बारा-तेरा आघाडीचे खेळाडू असतात, सहा-सात बचावपटू असतात, आणि गोलरक्षक फक्त दोन. त्यातला मुख्य गोलरक्षक हंगामातल्या ८२ पैकी पंचावन्न-साठ सामने खेळे आणि दुसरा बाकावर बसे. आघाडीचा खेळाडू चौथ्या तुकडीतून तिसरीत, तिसरीतून दुसरीत असा हळूहळू वर चढू शकतो. गोलरक्षकाला असा जिना नसतो. क्रिकेटमधल्या यष्टिरक्षकासारखे त्याचे असते: जागा एकच, आणि ती आधीच्या माणसाने सोडेपर्यंत वाट पाहायची. नॉर्डिक्स संघ १९९५ साली कोलोरॅडोला गेला, त्याच हिवाळ्यात रुआ त्या संघात आला आणि १९९६ साली त्यांनी चषकही जिंकला. त्या गोलमध्ये २१७ व्या क्रमांकाच्या विद्यार्थ्याला जागा कुठून मिळणार होती?

म्हणून १९९७ पासूनची आठ वर्षे थॉमस भटकत राहिला. अमेरिकेतल्या कनिष्ठ लीग, मग हेल्सिंकीचा एचआयएफके संघ, पुन्हा अमेरिका, मग स्टॉकहोम, मग फिनलंडच्या उत्तरेकडचे ओउलू. फिनलंडमध्ये त्याने पहिल्याच हंगामात, १९९८ साली, संघाला अजिंक्यपद मिळवून दिले. या वर्षांना वनवास म्हणण्याची पद्धत आहे, पण मला ते पटत नाही. युरोपातले रिंगण अमेरिकेतल्यापेक्षा सुमारे तेरा फूट रुंद असे, त्यामुळे पक आडवा जास्त खेळवला जाई, कोन वेगळे पडत आणि गोलरक्षकाला बाजूच्या हालचालींचा सतत सराव होई. मुख्य म्हणजे तिथे तो रोज खेळत होता. बाकावर बसून गोलरक्षक घडत नाही. बॉस्टनने २००२ साली त्याला चार सामने दिले आणि पुढचे वर्ष पुन्हा खालच्या संघात ठेवले. २००४-०५ साली मालक आणि खेळाडू यांच्यातल्या वादामुळे लीगचा संपूर्ण हंगाम रद्द झाला, तेव्हा तो हेल्सिंकीच्या योकेरित संघाकडून खेळला. त्या एका हंगामात त्याने पंधरा सामन्यांत एकही गोल होऊ दिला नाही, आणि खेळाडूंच्या मतांनी दिला जाणारा वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूचा किताब त्याला मिळाला.

२००५-०६ च्या हंगामात बॉस्टनचे दोन्ही गोलरक्षक दुखापतींनी बेजार झाले आणि थॉमसला बोलावणे आले. त्याने ३८ सामने खेळले आणि ती जागा पुन्हा सहजासहजी सोडली नाही. तरी संघ निश्चिंत नव्हताच. त्याच उन्हाळ्यात त्यांनी आपला जुना गोलरक्षक टोरांटोला देऊन टूका रास्क नावाचा फिनिश तरुण घेतला, आणि २००७ साली आणखी एक अनुभवी गोलरक्षक आणला. तो अनुभवी माणूस जायबंदी झाला, थॉमस खेळत राहिला. २००९ साली, पस्तिसाव्या वर्षी, त्याला व्हेझिना करंडक मिळाला. तो लीगमधल्या सर्वोत्तम गोलरक्षकाला देतात.

सर्वोत्तम ठरवायचे कसे, यासाठी दोन आकडे पाहतात. पहिला, साठ मिनिटांच्या खेळामागे सरासरी किती गोल झाले. यात संघाच्या बचावाचा वाटा मोठा असतो. बचाव भक्कम असेल तर गोलरक्षकावर फटकेच कमी येतात. दुसरा आकडा, म्हणजे सेव्ह पर्सेंटेज, अधिक न्याय करतो: गोलवर आलेल्या फटक्यांपैकी किती हिस्सा अडवला. नाव टक्केवारीचे असले तरी तो दशांशात लिहितात. २०१०-११ च्या हंगामात थॉमसचा हा आकडा .९३८ होता, आणि तो तेव्हाचा विक्रम होता. लीगची सरासरी तेव्हा .९१० च्या थोडी वर होती. फरक दिसतो पावशेर, पण गुणाकार करून पाहावा. त्या हंगामात त्याच्यावर सुमारे १८०० फटके आले. सरासरी गोलरक्षकाने त्यांतले १५५ च्या पुढे सोडले असते. थॉमसने ११२ सोडले. चाळीसहून अधिक गोल एका माणसाने वाचवले, आणि हे त्याने केले ५७ सामन्यांत. या खेळात अनेक सामने एका गोलाने जिंकले-हरले जातात, हे ध्यानात घेतले म्हणजे या आकड्याचे वजन कळते.

हा हंगाम सुरू झाला तेव्हा मात्र त्याच्याकडे जागा नव्हती. आधीच्या वर्षी त्याचा कंबरेचा सांधा दुखावला होता, आकडे घसरले होते, आणि तेवीस वर्षांच्या रास्कने .९३१ च्या सरासरीने त्याची जागा घेतली होती. त्याच हिवाळ्यात अमेरिकेच्या ऑलिंपिक संघात तो रायन मिलरच्या मागे दुसरा गोलरक्षक होता. रौप्यपदक मिळाले, पण जवळजवळ सगळा वेळ बाकावर गेला. मोसम संपल्यावर सांध्याची शस्त्रक्रिया झाली. बटरफ्लाय पद्धतीत मांड्या सतत आतल्या बाजूला वळतात आणि गुडघे बर्फावर आपटतात, त्यामुळे हा सांधा गोलरक्षकांच्या शरीराचा सर्वांत आधी झिजणारा भाग असतो. थॉमससारखा झेपावणाराही त्यातून सुटत नाही. छत्तीस वर्षांच्या, शस्त्रक्रिया झालेल्या, जागा गमावलेल्या गोलरक्षकाने त्यानंतरच्याच हंगामात विक्रम करावा, हे मला चषकापेक्षाही मोठे वाटते.

चषकाच्या बाद फेऱ्यांत त्याने २५ सामन्यांत ७९८ फटके अडवले. एका मोसमाच्या बाद फेऱ्यांतला तोवरचा तो सर्वाधिक आकडा होता. त्यातला एक जवळून पाहण्यासारखा आहे. टँपा बे विरुद्धच्या मालिकेचा पाचवा सामना, तारीख २३ मे, बॉस्टन २-१ ने पुढे, तिसरा म्हणजे शेवटचा भाग चालू. निळ्या रेषेवरून मारलेला फटका गोलच्या बाजूने निघून जातो, मागच्या फळीवर आपटतो आणि उलट्या बाजूला उभ्या असलेल्या स्टीव्ह डाउनीच्या पुढ्यात येतो. थॉमस गोलच्या दुसऱ्या टोकाला आहे. पूर्ण चौकट मोकळी आहे. डाउनी मारतो. थॉमस अंग झोकून देतो, त्याचे पाय पोहोचत नाहीत, हातमोजा पोहोचत नाही. काठी तेवढी आडवी जाते आणि पक तिच्यावर आदळून बाहेर उडतो. शिकवलेल्या पद्धतीत या क्षणासाठी उत्तरच नाही. पद्धत सांगते की अशा ठिकाणी सापडूच नये. सापडल्यावर काय करायचे, ते थॉमसला येत होते. ती मालिका सातव्या सामन्यात १-० अशी संपली, आणि समोरच्या संघात होता मार्टिन सेंट लुई, व्हरमाँटचा तोच जुना सोबती, जो एव्हाना लीगच्या मोठ्या नावांपैकी एक झाला होता.

अंतिम मालिकेत व्हॅन्कुव्हरविरुद्ध पुढे येण्याचा जुना वाद पुन्हा उभा राहिला. पाचव्या सामन्यात फटका मुद्दाम बाहेर मारून मागच्या फळीवरून उसळवला गेला, पुढे आलेल्या थॉमसला मागे फिरायला वेळ मिळाला नाही आणि एकमेव गोल झाला. समोरचा गोलरक्षक रॉबर्टो लुआंगो रेषेजवळ राहून खेळणारा. आपल्या पद्धतीत तो फटका सोपा गेला असता, असे तो नंतर जाहीरपणे म्हणाला, आणि तांत्रिकदृष्ट्या त्याचे म्हणणे चूक नव्हते. पुढे येण्याची किंमत ती होती. पण त्या किमतीच्या बदल्यात थॉमसने काय मिळवले, तेही मोजायला हवे: सात सामन्यांत २४६ फटक्यांपैकी २३८ अडवले, आठ गोल दिले, आणि त्यांतल्या दोन सामन्यांत एकही दिला नाही. तिसऱ्या सामन्यात व्हॅन्कुव्हरचा कर्णधार हेन्रिक सेदिन हवेतला पक खाली घेण्याच्या बेतात असताना थॉमसने पक सोडून सरळ त्याच्या अंगावर धडक मारून त्याला पाडले. गोलरक्षकाने असे करणे मी तरी क्वचितच पाहिले आहे. शेवटचा, सातवा सामना बॉस्टनने ४-० असा जिंकला. थॉमसने सर्वच्या सर्व ३७ फटके अडवले. बॉस्टनला १९७२ नंतर प्रथमच चषक मिळाला. बाद फेऱ्यांतल्या सर्वोत्तम खेळाडूचा कॉन स्माइथ करंडक मिळवणारा थॉमस हा सर्वांत वयस्कर खेळाडू ठरला. त्याच वर्षी त्याला व्हेझिनाही मिळाला. हे दोन्ही करंडक आणि चषक एकाच मोसमात मिळवणारा त्याच्या आधीचा गोलरक्षक म्हणजे १९७० च्या दशकातला बर्नी पॅरेंट.

त्यानंतरची उतरण जलद आहे. जानेवारी २०१२ मध्ये विजेत्या संघाच्या व्हाइट हाउसमधल्या समारंभाला तो गेला नाही. केंद्र सरकार प्रमाणाबाहेर वाढले आहे, हे आपले मत त्याने कारण म्हणून दिले आणि त्यावर बराच गदारोळ झाला. उन्हाळ्यात त्याने वर्षभर न खेळण्याचे जाहीर केले. इथे लीगच्या पैशाच्या नियमांचा एक चमत्कारिक भाग पुढे येतो. प्रत्येक संघाच्या एकूण पगाराला वरची मर्यादा असते, तशी खालचीही असते. शिवाय तेव्हाच्या नियमांत पस्तिशीनंतर सुरू होणाऱ्या दीर्घ करारातला खेळाडू खेळला नाही, तरी त्याचा पगार संघाच्या हिशेबात धरला जाई. थॉमसच्या नावावर वर्षाला पन्नास लाख डॉलर पडत होते. बॉस्टनला वरची मर्यादा जाचत होती, तर न्यूयॉर्क आयलंडर्सना खालची गाठायची होती. फेब्रुवारी २०१३ मध्ये त्यांनी थॉमसचा करार घेतला. तो त्यांच्यासाठी एकही सामना खेळला नाही, त्यांनी त्याला पगारही दिला नाही. हवा होता तो फक्त कागदावरचा आकडा. बॉस्टनच्या गोलमध्ये आता रास्क उभा होता.

२०१३-१४ साली तो फ्लोरिडाकडून आणि शेवटी थोडे डॅलसकडून खेळला. लीगमधले एकूण सामने ४२६, विजय २१४, एकही गोल न दिलेले सामने ३१. त्यानंतर तो जवळजवळ दिसेनासा झाला, आणि लोकांनी त्याला विक्षिप्तपणा म्हटले.

डिसेंबर २०१९ मध्ये अमेरिकेच्या हॉकी हॉल ऑफ फेममध्ये त्याचा समावेश झाला, तेव्हा तो वॉशिंग्टनमध्ये पत्रकारांसमोर आला आणि रडत रडत बोलला. फ्लोरिडाकडून खेळताना डिसेंबर २०१३ मध्ये डोक्याला मार लागला होता. एका सकाळी उठल्यावर आता काय खायचे, कुठे जायचे, हेही ठरवता येईना. नंतरच्या तपासणीत मेंदूच्या दोन तृतीयांश भागाला रक्तपुरवठा पाच टक्क्यांहूनही कमी होत असल्याचे आढळले, असे त्याने सांगितले. गोलरक्षकाचा मुखवटा पकाचा घाव झेलतो, पण धक्का आतपर्यंत पोहोचतोच. उपचारांनी हळूहळू फरक पडत गेला, हेही तो म्हणाला. मधल्या वर्षांत हॉकी का पाहिली नाही, याचे त्याने दिलेले कारण साधे होते: खेळ इतक्या वेगाने चाले की त्याच्या मेंदूला त्याचा माग ठेवता येत नव्हता.